रंगपेटी (लेखांक 6) : पावडर दाबायची असते

पाडवा जवळ आला की नारायणगावात तमाशाच्या राहुट्या लागतात. बाहेर फडाचा फलक, आत वही घेऊन बसलेला व्यवस्थापक, समोर गावोगावच्या यात्रा कमिटीची माणसं. रक्कम ठरते, इसार दिला जातो, तारीख वहीत चढते. जुन्नर-आंबेगावच नव्हे, तर कुठकुठल्या तालुक्यांतून गावकरी सुपारी द्यायला इथंच येतात, म्हणून या गावाला तमाशापंढरी म्हणतात. भाऊ-बापू मांग नारायणगावकरांचा फड याच गावाच्या नावानं गाजला. त्याच घरातल्या विठाबाईंना 1957 आणि 1990 अशी दोनदा राष्ट्रपतींच्या हातून दाद मिळाली. मागच्या दोन लेखांकांत आपण चेहऱ्यावरच्या बेसबद्दल बोललो. तो बेस टिकवायचा कसा, हे समजून घ्यायला नारायणगावच्या फडांइतकी कडक परीक्षा दुसरीकडे सापडणार नाही.

वेळापत्रकच बघा. रात्री गण होतो, मग गौळण, बतावणी, रंगबाजी आणि शेवटी वग. मध्यरात्र कधीच उलटून जाते. दुसऱ्या दिवशी सकाळी पुष्कळ गावांत हजेरी असते, म्हणजे तोच फड पुन्हा गावापुढे उभा राहतो, पण आता डोक्यावर ऊन आणि समोर हातभर अंतरावर माणसं. चैत्र-वैशाखात पारा चाळिशीकडे झुकलेला असतो. कनातीत वारा नाही, अंगावर नऊवारी, पायांत चाळ आणि ढोलकीच्या लयीवर सतत नाच. घाम येऊ नये असं कोणतंही प्रसाधन जगात नाही, आणि पावडरचं ते कामही नाही. लोक नेमकी इथंच गल्लत करतात. घाम दिसला की पावडर, पुन्हा घाम दिसला की पुन्हा पावडर. तासाभरात चेहऱ्यावर लगदा तयार होतो आणि ओघळ पडतात.

मग पावडरचं काम काय? आजीचं कुंकू आठवा. आधी कपाळावर बोटभर मेण, त्यावर पिंजर. नुसती पिंजर सांडली असती आणि नुसतं मेण चकाकत राहिलं असतं. चिकट थरानं कोरड्या कणांना धरायचं आणि कोरड्या कणांनी चिकटपणा मारायचा, असा तो दोघांचा करार. क्रीम किंवा स्टिकच्या बेसवर सुटी पावडर लावतात तेव्हा हेच घडतं. बेसमधलं जास्तीचं तेल आणि मेण पावडरचे कण धरून ठेवतात, वरचा थर कोरडा होतो, हात लागला तरी रंग निघत नाही. एक नियम यातूनच निघतो : ओलं आणि चिकट ते सगळं आधी, कोरडं ते सगळं नंतर. पावडर लागल्यावर वरून क्रीमची लाली फिरवली की गुठळ्या झाल्याच म्हणून समजा.

डब्यात असतं काय, तेही बघू. बहुतेक सुट्या पावडरींचा मुख्य घटक टाल्क, म्हणजे शंखजिरं. खनिजांच्या कठीणपणाच्या मोजपट्टीवर त्याचा क्रमांक 1, सर्वांत मऊ. त्याचे सूक्ष्म पापुद्रे एकमेकांवरून सरकतात, म्हणून पावडर बोटांना रेशमी लागते. टाल्कला मुळात तेल फार शोषता येत नाही, म्हणून जोडीला केओलिन माती, मक्याचा स्टार्च किंवा सिलिका घालतात. कण त्वचेला धरून राहावेत म्हणून झिंक किंवा मॅग्नेशियम स्टिअरेट. झाकण्याची ताकद हवी असेल तर झिंक ऑक्साइड किंवा टायटॅनियम डायऑक्साइड. रंगासाठी लोहाचे ऑक्साइड. एवढ्या घटकांचं प्रमाण बदललं की डबा बदलतो आणि किंमतही.

यातला झिंक ऑक्साइड आपल्या रंगमंचाला नवा नाही. तोच जुना सफेदा. आणि पिवळा लोह ऑक्साइड म्हणजे आपली पिवडी. जुन्या नाटकवाल्यांच्या आणि तमासगिरांच्या पेटीत सफेदा, पिवडी, हिंगूळ, काजळ हेच सामान असायचं. ते तेलात किंवा पाण्यात कालवून तोंडाला लावत. बर्लिनमध्ये लुडविग लाइश्नर या ऑपेरागायकानं 1873 मध्ये रंगाच्या तयार कांड्यांचा कारखाना काढला, आणि 1930 च्या दशकाच्या अखेरीस मॅक्स फॅक्टरचा पॅनकेक आला. पुढे आपल्याकडे रंगपटात पॅनकेक हा शब्द इतका रुळला की कुठल्याही कंपनीच्या वडीला लोक तेच म्हणू लागले. जुन्या पेटीचं कौतुक करताना एक विसरू नये. हिंगूळ म्हणजे पाऱ्याचं संयुग, आणि चेहऱ्याला लावलं जाणारं मुर्दाडशिंग म्हणजे शिशाचं. दोन्ही विषारी. परंपरा म्हणून ते कुणी विकत असेल तर घेऊ नका. सफेदा आणि पिवडी मात्र शुद्ध स्वरूपात आजही तुमच्या डब्यात आहेत, फक्त नाव इंग्रजी आहे.

पिवडीवरून रंगाचा मुद्दा. आपली कातडी गव्हाळ, सावळी, काळी. तिच्या तळाशी पिवळसर छटा असते. तिच्यावर पांढरीफेक पावडर टाकली की चेहरा गोरा होत नाही, राखाडी होतो. रात्री दिव्यांत ते खपून जातं, सकाळी हजेरीच्या उन्हात मान एका रंगाची आणि तोंड दुसऱ्या रंगाचं, हे पहिल्या रांगेतल्या पोरालाही कळतं. हल्ली ज्या पिवळसर पावडरीला बनाना पावडर म्हणतात, ती आपल्यातल्या पुष्कळांना चालते. रंगहीन म्हणून विकली जाणारी पावडरही सावळ्या चेहऱ्यावर बसल्यावर पांढुरकी दिसू शकते. दुकानात मनगटावर नको, जबड्याच्या कडेला लावून दारात उजेडात जाऊन बघा. गोरेपणाच्या हौसेपायी आपण पावडरला नसतं काम लावलं आहे, असं माझं स्पष्ट मत आहे.

आता हाताचं काम. यातच सगळं आहे, म्हणून सावकाश वाचा.

बेस पातळ हवा. जाड बेसला पावडर वाचवू शकत नाही. चेहरा हलला की तो थर भेगाळणारच. बेस लावून झाला की दोन-चार मिनिटं थांबा, मग टिश्यू पेपर चेहऱ्यावर ठेवून हलकेच दाबून जास्तीचं तेल टिपून घ्या. डोळ्यांखाली आणि नाकपुड्यांशेजारी बेस सुरकुत्यांत जमलेला असतो, तो बोटाच्या टोकानं सारखा करा आणि लगेच तिथं पावडर लावा. थांबलात तर पुन्हा जमतो.

पावडर झाकणात थोडी काढा. मखमली पफ तिच्यात बुडवा, पफ दुमडून आतल्या आत चोळा, म्हणजे ती पफच्या लवेत शिरेल. वर राहिलेली झटकून टाका. मग पफ चेहऱ्यावर दाबा आणि थोडा गोल फिरवून उचला. घासायचं नाही. घासलं की खालचा बेस सरकतो, पट्टे उठतात. क्रम असा ठेवा : डोळ्यांखाली, नाक, कपाळ, हनुवटी, आणि गालांना शेवटी जे उरेल ते. तेल सुटतं ते कपाळ-नाक-हनुवटीला, पण पुष्कळ जणी सुरुवात गालांपासून करतात आणि तिथंच डबा संपवतात. शेवटी मोठ्या मऊ ब्रशनं जास्तीची पावडर वरून खाली झाडा. चेहऱ्यावरची बारीक लव खाली वळलेली असते. उलटं झाडलं तर ती उभी राहते आणि उन्हात प्रत्येक केस दिसतो.

रंगपटातली पुढची पायरी घरी सहसा कुणी करत नाही. स्वच्छ स्पंज गार पाण्यात बुडवून घट्ट पिळायचा आणि पावडर बसलेल्या चेहऱ्यावर हलके टेकवत जायचं. पीठ फासल्याची कळा जाते, थर एकजीव होतो. बाटलीतला सेटिंग स्प्रे बऱ्याच अंशी हेच काम करतो. त्यात चेहऱ्यावर पातळ पडदा धरणारं पॉलिमरही असतं, म्हणून तो घामाला थोडा जास्त टिकतो. पाण्याच्या स्पंजाला मात्र पैसे पडत नाहीत. पॅनकेक वापरत असाल तर पावडर अगदी नावापुरती घ्या, कारण त्या वडीत पावडर आधीच ठासून भरलेली असते.

डोळ्यांखाली पावडरचा जाड थर पाच-दहा मिनिटं ठेवून झाडण्याची रीत व्हिडिओंमुळे घरोघर पोचली आहे. तेलकट, तरुण चेहऱ्याला ती ठीक. चाळिशीनंतर किंवा कोरड्या कातडीला अजिबात नको. असलेल्या सुरकुत्या दुप्पट दिसतात.

कार्यक्रम चालू असताना घाम आला तर आधी टिपायचा, मग पावडर, तीही चिमूटभर. मऊ सुती रुमाल घडी करून दाबायचा, पुसायचं नाही. रंगबाजी संपून वग सुरू होईपर्यंत फडात जो थोडा अवकाश मिळतो, त्यात एवढंच होऊ शकतं आणि एवढंच पुरतं.

गौळणीतल्या मावशीचा प्रश्न वेगळा. मावशी बहुधा पुरुष रंगवतो, आणि दाढी कितीही गुळगुळीत केली तरी बेसखालून निळसर सावली डोकावते. त्या जागी आधी नारिंगी छटेचा पातळ हात, त्यावर पावडर, मग बेस, मग पुन्हा पावडर, असे दोन फेर लागतात. ओलं आधी, कोरडं नंतर या नियमाला हा अपवाद. पहिल्या फेराची पावडर विसरली तर नारिंगी रंग बेसमध्ये मिसळतो.

याच दिवसांत लग्नसराई असते, तेव्हा नवरीसाठी दोन शब्द. आदल्या दिवशीची हळद तेलात कालवलेली असेल तर तिचा तेलकटपणा चेहऱ्यावर उरतो. तो नीट धुतल्याशिवाय कोणताही बेस बसत नाही. मुंडावळ्यांची दोरी कपाळावर आणि कानशिलांवर दिवसभर घासते, नथ वरच्या ओठाशी हलत राहते. या जागांना पावडर दोनदा दाबा. पिंजर लावणार असाल तर पावडरचं सगळं काम उरकून, कपाळ झाडून, मग लावा. आणि निघण्यापूर्वी कुणाला तरी फ्लॅश लावून एक फोटो काढायला सांगा. सिलिका जास्त असलेली पांढरी पावडर आरशात दिसत नाही, पण फ्लॅशमध्ये डोळ्यांखाली पांढरे डाग होऊन उमटते. अल्बम आल्यावर कळून उपयोग नाही.

काळजीचं थोडं. टाल्कच्या खाणीत अ‍ॅस्बेस्टॉसही सापडू शकतं, म्हणून शुद्धतेचा प्रश्न उठत राहतो. जॉन्सन अँड जॉन्सननं टाल्कची बेबी पावडर 2020 मध्ये अमेरिका आणि कॅनडात, तर 2023 मध्ये जगभर बंद केली. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेनं जुलै 2024 मध्ये टाल्कला ‘बहुधा कर्करोगकारक’ या गटात टाकलं. म्हणून घाबरून डबा फेकायला नको, पण पावडर उधळू नये, लावताना श्वास क्षणभर रोखावा, लहान मुलांजवळ झटकू नये. धाप किंवा दमा असेल त्यांनी सुटीऐवजी दाबलेली वडी वापरावी. पफ दुसऱ्याचा वापरू नका, बहिणीचाही नाही. आठवड्यातून एकदा साबणानं धुऊन उन्हात खडखडीत वाळवा. ओलसर पफ डब्यात ठेवला की पुरळ ठरलेलं.

पुढच्या आठवड्यात रंग उतरवण्याबद्दल. तोवर घरातला पावडरचा डबा उलटा करून त्यावरचे घटक आणि मुदतीची तारीख वाचून ठेवा, आणि तारीख उलटली असेल तर तो डबा आजच टाकून द्या.