विवराच्या तोंडाशी काय होतं?
कोल्हापूरला जन्मलेल्या जयंत नारळीकरांच्या 'कृष्णविवर' कथेला 1974 साली मराठी विज्ञान परिषदेचं बक्षीस मिळालं, तेही टोपणनावाने. खऱ्या कृष्णविवराच्या तोंडाशीच, म्हणजे त्याच्या सीमेपाशीच, माणसाच्या चिंधड्या उडतात, हा समज मात्र अर्धाच खरा. दहा सूर्यांच्या वस्तुमानाचं विवर जेमतेम 60 किलोमीटर रुंद. तिथे डोक्यापेक्षा पाय इतके जोरात ओढले जातात, की सीमेआधीच शरीर फाटतं. आकाशगंगेच्या मध्यावरचं विवर 43 लाख सूर्यांचं. तिथल्या सीमेवर हीच तफावत पृथ्वीच्या गुरुत्वाच्या सुमारे दहा हजाराव्या हिश्श्याएवढी, म्हणजे सीमा ओलांडल्याचं कळणारही नाही! पुढे उरतो फार तर मिनिटभर. कुणी म्हणेल, बाहेरून पाहणाऱ्याला पडणारा माणूस सीमेवर थिजलेलाच दिसतो, मग पडला कुठे? पण दिसतं ते उजेडामुळे, आणि सीमेजवळून निघालेला उजेड उत्तरोत्तर उशिरा, तांबडा नि क्षीण होत पोचतो. पडणाऱ्याच्या स्वतःच्या घड्याळाने तो केव्हाच आत गेलेला असतो.