क्लाउडवरील मेसेज ब्रोकर: सामान्य अडचणी व निवारण

मेसेज ब्रोकर ही एका आज्ञावलीने पाठवलेला संदेश दुसरी आज्ञावली स्वीकारेपर्यंत रांगेत सांभाळणारी संगणकीय प्रणाली होय. २००७ मध्ये प्रथम प्रसिद्ध झालेली रॅबिटएमक्यू ही या प्रकारातील एक प्रचलित, मुक्तस्रोत प्रणाली असून ती एर्लांग भाषेत लिहिलेली आहे. ती क्लाउडवर घेतल्यास सर्व्हरची देखभाल सेवा पुरवणारी कंपनी करते; रांगांची रचना आणि संदेशांची पोच मात्र वापरकर्त्याच्याच हाती राहते. बहुतेक अडचणी येथेच उद्भवतात.

जोडणी न होणे

रॅबिटएमक्यू साध्या जोडणीसाठी ५६७२ आणि टीएलएस या सुरक्षित जोडणीसाठी ५६७१ हा पोर्ट वापरते. प्रयत्न बराच वेळ अनुत्तरित राहिल्यास फायरवॉलचे नियम तपासावेत. प्रवेश नाकारल्याचे उत्तर आल्यास नाव, पासवर्ड किंवा परवानग्यांत चूक असते.

रांग वाढत जाणे

रांगेतील संदेशांचे दोन आकडे दिसतात: वितरणास तयार असलेले आणि वितरित होऊनही पोच न मिळालेले. पहिला आकडा वाढत असेल, तर प्राप्तकर्त्या आज्ञावल्या अपुऱ्या किंवा बंद आहेत. दुसरा वाढत असेल, तर त्या संदेश घेतात, पण काम अडते किंवा पोच दिली जात नाही. स्मृतीचा वापर ठरलेल्या मर्यादेपलीकडे गेल्यास ब्रोकर प्रेषकांना थोपवतो. हा बिघाड नसून बचाव असतो.

संदेश हरवणे

ब्रोकर पुन्हा सुरू केल्यावर संदेश टिकण्यासाठी रांग टिकाऊ आणि संदेशही कायमस्वरूपी म्हणून घोषित केलेला असावा लागतो. त्यामुळे ही खात्री न करता ब्रोकर पुन्हा सुरू करणे हा उपाय ठरत नाही. संदेश ब्रोकरपर्यंत पोहोचला की नाही, हे कळण्यासाठी प्रेषकाने ब्रोकरकडून पुष्टी मागावी.

संदेश दुबार येणे

काम पूर्ण झाले, पण पोच देण्यापूर्वीच जोडणी तुटली, तर ब्रोकर तोच संदेश पुन्हा देतो. संदेश रक्कम वळती करण्याचा असल्यास खात्यातून ती दोनदा वजा होऊ शकते. यासाठी प्रत्येक संदेशाला स्वतंत्र क्रमांक द्यावा आणि त्या क्रमांकाचे काम आधीच झाले आहे का, हे प्राप्तकर्त्या आज्ञावलीने तपासावे. सदोष संदेश नाकारून पुन्हा त्याच रांगेत टाकल्यास तो अखंड फिरत राहतो. असे संदेश तपासणीसाठी वेगळ्या रांगेत वळवतात; तिला ‘डेड लेटर’ रांग म्हणतात.