आयर्विन पूल: सांगलीची पूरपट्टी

सांगलीच्या आयर्विन पुलाचं खरं महत्त्व वाहतुकीपेक्षा त्याच्यावर मोजल्या जाणाऱ्या कृष्णेच्या पाणीपातळीत आहे, असं माझं मत आहे. संस्थानकाळात, 1929 साली, व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन यांच्या हस्ते तो खुला झाला. दगडी कमानींच्या या पुलाने सांगलीवाडी शहराला जोडली, इस्लामपूरकडचा रस्ता सोपा केला. पण पावसाळ्यात लोक विचारतात ते एवढंच: "आयर्विनला किती?" 40 फूट इशारा, 45 फूट धोका. शासनाचा कारभार मीटरमध्ये, तरी पूर मात्र फुटांतच कळतो! 2005 मध्ये पाणी 53 फुटांवर गेलं, 2019 मध्ये 57 फुटांवर. दोन्ही आकडे एकाच जागचे, म्हणून 2019चा पूर किती मोठा होता हे वादाशिवाय सांगता येतं.

कुणी म्हणेल, एका पुलावरच्या आकड्यावरून अख्ख्या पट्ट्याचं काय कळणार? वारणा तर कृष्णेला खाली हरिपूरला मिळते, पंचगंगा त्याहून खाली नृसिंहवाडीला. आक्षेप रास्त आहे, पण अर्धाच. कऱ्हाडला कोयना घेऊन आलेलं पाणी या पुलाखालून जातं. शिवाय खालच्या नद्या तुंबल्या की कृष्णेचा उतार मंदावतो आणि तो फुगवटाही इथल्या पातळीत दिसतो. खालच्या शिरोळ भागासाठी स्वतंत्र मोजमाप हवंच, पण सांगलीत सामान कधी हलवायचं हे हाच आकडा ठरवतो. म्हणून नवे पूल कितीही होवोत, आयर्विनवरची मोजणी त्याच जागी, तशीच चालू ठेवा.