पहाटेची राय

वैभववाडीच्या पूर्वेला सह्याद्रीची भिंत उभी आहे, त्यामुळे इथे सूर्य जरा उशिराच पोचतो. आभाळ पांढुरकं होऊन बराच वेळ झाला तरी ऊन अंगणात उतरत नाही. पौषातल्या अशाच एका पहाटे मी तालुक्यातल्या एका वाडीच्या देवळापाशी जाऊन उभा राहिलो. दिसत काहीच नव्हतं. ऐकू येत होती ती हिराच्या केरसुणीची खसखस. गुरवकाका देवळासमोरचं आवार झाडत होते. रात्रभर पडलेल्या पानांचा एका कडेला ढीग झाला, तेव्हा त्यांनी केरसुणी भिंतीला टेकवली आणि माझ्याकडे वळले.

"चपला हयच काढ नि माझ्या मागसून सावकाश ये. रायत मोठ्यान बोलूचा नाय."

देवळामागे मला नुसता काळोख दिसत होता, काका सरळ त्यातच शिरले. आवार कुठे संपलं आणि राय कुठे सुरू झाली ते कळलंही नाही. पायाखालची गार शेणसारवण जाऊन ओली पानं लागली, एवढाच फरक. मी विचारलं, देऊळ किती जुनं? काका म्हणाले, "देऊळ आमच्या पणज्याच्या वक्ताचा. राय कोणाच्या वक्ताची, ता कोणाकच म्हायत नाय."

त्या एका वाक्यानं माझी नजरच फिरवली. जुनं देऊळ पाहायला म्हणून आपण गावात जातो, खांब बघतो, दीपमाळ बघतो, शिलालेख शोधतो. आणि त्या जागेतली सगळ्यांत जुनी गोष्ट देवळाच्या मागे शांतपणे उभी असते.

देशावर जिला देवराई म्हणतात, तिला कोकणात राय म्हणतात, कुठे रहाटी, कुठे देवरहाटी. रवळनाथ, पावणाई, भगवती, गांगो अशा एखाद्या ग्रामदेवतेच्या नावानं राखलेला हा जंगलाचा तुकडा. नियम साधा आणि कडक: कुऱ्हाड लावायची नाही, कोयता चालवायचा नाही, अनेक गावांत तर वाळकी काटकीसुद्धा चुलीला न्यायची नाही. फारच गरज पडली, देवळाच्या कामाला लाकूड हवं असलं, तर आधी देवाला गाऱ्हाणं घालायचं, कौल लावायचा आणि कौल मिळाला तरच झाडाला हात लावायचा. 1970च्या दशकात पुण्याचे वनस्पतिशास्त्रज्ञ वा. द. वर्तक आणि पर्यावरणशास्त्रज्ञ माधव गाडगीळ महाराष्ट्रातल्या अशा रायांचा अभ्यास करत गावोगाव फिरले आणि विज्ञानाच्या जगाला सांगितलं, की आजूबाजूचे डोंगर उघडे पडले तरी मूळ जंगल कसं होतं याचा नमुना या देवांनी सांभाळून ठेवला आहे.

पण हा नमुना वाचायला पहाटच का हवी?

याचं उत्तर हवेत आहे. रात्री जमीन आपली उष्णता आभाळाकडे सोडून देते आणि तिला टेकलेली हवा गार होते. गार हवा जड. ती घाटाच्या उतारावरून पाण्यासारखी ओघळत खालच्या खोऱ्यांत साचते, आणि तिच्यावर जरा उबदार हवेचं पांघरूण राहतं. वारा पडलेला असतो. अशा वेळी वर जाऊ पाहणारा आवाज त्या उबदार थरापाशी वाकून पुन्हा जमिनीकडे येतो. म्हणून दुपारी पलीकडच्या वाडीलाही न ऐकू येणारी देवळाची घंटा पहाटे दोन शेतं ओलांडून जाते. पक्ष्यांना हे ठाऊक असल्यासारखं ते नेमक्या याच वेळी गातात. किडे टिपायला पुरेसा उजेड अजून नसतो, आणि आवाज मात्र लांब पोचत असतो. त्या पहाटे आधी रानकोंबडा ओरडला, मग भारद्वाजाचं घुमणं सुरू झालं, आणि थोड्या वेळानं डोक्यावरून कुणी जाड कापड झटकत जावं तसा आवाज गेला. "धनेश," काका पुटपुटले. मोठ्या धनेशाच्या पंखांचा आवाज असा दुरून येतो. या पक्ष्याची मादी झाडाच्या ढोलीत शिरून ढोलीचं तोंड लिंपून घेते. एक फट तेवढी ठेवते आणि तिच्यातून नर तिला आणि पिल्लांना कित्येक आठवडे भरवतो. एवढी मोठी ढोली कोवळ्या झाडाला कुठून असणार? ती म्हाताऱ्या झाडालाच असते. आणि झाडांना म्हातारं होऊ देणारी जागा म्हणजे राय.

उजेड हळूहळू वरून खाली झिरपू लागला. आधी सर्वांत उंच बेहड्याचा शेंडा दिसला, मग सातविणीचे मजल्यासारखे पसरलेले पानांचे घोस, मग आंबा, जांभूळ, त्याखाली रातांबा, आणि शेवटी आमच्या गुडघ्यांपाशी कसलीशी रोपं. या सगळ्या मजल्यांना शिवत एक वेल गेला होता, माणसाच्या मांडीएवढा जाड, पीळ घातलेल्या दोरखंडासारखा. गारंबी. हिची शेंग दीड-दोन मीटरपर्यंत वाढते. जगातल्या सर्वांत लांब शेंगांपैकी ती एक. तिच्या तपकिरी, गुळगुळीत बिया इतक्या टणक आणि हलक्या असतात, की ओढ्यातून नदीत, नदीतून समुद्रात पडून महिनोन्‌महिने तरंगत परक्या किनाऱ्याला लागू शकतात.

मग काका थांबले आणि खाली बसले. तळहातानं त्यांनी पानांचा थर अलगद बाजूला केला. वर कालपरवाची कुरकुरीत पानं. त्याखाली गेल्या वर्षीची, नुसत्या शिरांची जाळी उरलेली. त्याखाली पानांना एकमेकांशी शिवणारे बुरशीचे पांढरे धागे, एक घाबरून वळलेली गोम, आणि सर्वांत खाली काळी, ओली, मऊ माती. पौषाची कोरडी थंडी, शेवटचा पाऊस पडून दोन-अडीच महिने झालेले, आणि माती ओली! काकांनी माझी बोटं तिला लावली आणि पानं पुन्हा होती तशी सारखी केली, झोपलेल्या लेकरावर गोधडी ओढावी तशी.

ही ओल पुढे कुठे जाते, हे समजलं की देवळाचाही अर्थ बदलतो. घाटमाथ्यावर, करूळ घाट चढून गेलं की लागणाऱ्या गगनबावड्याला, वर्षाला 5,000 मिलिमीटरच्याही वर पाऊस पडतो. उघड्या माळावर तो पाऊस मातीला झोडपत धावत सुटतो आणि काही तासांत ओढ्याला मिळतो. रायत त्याला घाई करता येत नाही. थेंब आधी शेंड्यावर पडतो, तिथून खालच्या पानावर, मग खोडावर, मग पाचोळ्यावर. पाचोळा स्पंजासारखा पितो. मुळांनी आणि वाळवीनं पोखरलेल्या वाटांनी पाणी आत उतरतं. कोकणात ते खाली जांभ्यात जातं. लाखो वर्षांच्या पावसानं खडकातली सिलिका धुऊन नेली आणि लोह व ॲल्युमिनियम मागे राहिलं, त्यातून हा लाल, छिद्राछिद्रांचा दगड झाला. खाणीत तो कापता येण्याइतका मऊ असतो आणि हवा लागली की कठीण होतो, म्हणून त्याचे चिरे पडतात. देवळाची भिंत ज्या दगडाची, तोच दगड पायाखाली पाणी धरून बसलेला असतो! आणि म्हणूनच कोकणात इतक्या देवळांशेजारी झरा, तळी किंवा बाव सापडते. पाणी राखायचं तर रान राखायला हवं, आणि रान राखायचं तर कुणीतरी राखणदार हवा. गावानं तो देव केला.

याच तालुक्यात नाधवड्याला हे डोळ्यांनी पाहता येतं. तिथल्या महादेवाच्या देवळाजवळ जमिनीतून पाणी उसळत वर येतं. गाव त्याला 'उमाळे' म्हणतं. स्वच्छ पाण्याच्या तळाशी वाळू एका जागी नाचत असते, फुगते, फुटते, पुन्हा फुगते. उंचावरच्या जमिनीत मुरलेलं पाणी खाली दाबाखाली येतं, फट सापडली की वर उठतं आणि वाळूचे कण उचलून धरतं. उमाळा हा आपला मायेचा शब्द आहे, रडण्याचा आणि प्रेमाचा. जमिनीच्या या वागण्याला तो ज्यानं पहिल्यांदा लावला, तो मोठाच कवी म्हणायचा. याच पाण्यावर पुढचा नापण्याचा धबधबा वैशाखातही आटत नाही. बाकीचे धबधबे पावसाचे पाहुणे, हा मात्र घरचा.

सिंधुदुर्गात खाली दक्षिणेला गेलं तर नवल आणखी वाढतं. दोडामार्ग तालुक्यात हेवाळे-बांबर्डे इथे भालांडेश्वराच्या रायत रानजायफळाची दलदल आहे, जेमतेम अडीच हेक्टरांची. चिखलात मुळांना श्वास घेता येत नाही, म्हणून ही झाडं आपली मुळं गुडघ्यासारखी वाकवून चिखलाबाहेर काढतात, हवा घेतात आणि पुन्हा आत खुपसतात. असं जंगल फार प्राचीन काळापासून चालत आलेलं, आणि महाराष्ट्रात ते टिकलं ते एका देवाच्या हद्दीत. आंबोलीला हिरण्यकेशीच्या देवळापाशी, नदीच्या उगमावर, 2020 साली एक छोटा मासा विज्ञानाला नव्यानं सापडला. तेजस ठाकरे आणि सहकाऱ्यांनी त्याला नदीचंच नाव दिलं, शिस्टुरा हिरण्यकेशी. पुढच्याच वर्षी ती जागा सरकारनं जैवविविधता वारसा स्थळ म्हणून जाहीर केली. भाविक पिढ्यान्‌पिढ्या ज्या पाण्याला हात जोडत आले, त्यात जगाला अनोळखी जीव पोहत होता.

ही कथा एकट्या कोकणाची नाही. जपानमध्ये शिंतो देवस्थानांभोवती अशीच रानं असतात, त्यांना 'चिंजू नो मोरी' म्हणतात, ग्रामरक्षक देवाचं वन. 1906 साली तिथल्या सरकारनं छोटी देवस्थानं मोठ्यांत विलीन करायचा हुकूम काढला आणि हजारो रानं कुऱ्हाडीखाली आली. मिनाकाता कुमागुसू नावाचा निसर्गअभ्यासक त्याविरुद्ध उभा राहिला आणि त्यापायी तुरुंगातही गेला. त्याचं म्हणणं काकांच्याच जातीचं होतं: रान गेलं की पक्षी जातील, पाणी जाईल, आणि माणसांना धरून ठेवणारं गावपणही जाईल.

टोकियोच्या मधोमध मेइजी जिंगू हे देवस्थान आहे. त्याचे दरवाजे आजही घड्याळानं उघडत नाहीत, सूर्योदयाला उघडतात, आणि पहाटेच माणसं खड्यांच्या रुंद वाटेनं, कमानींखालून चालत आत जातात. भोवतालचं सुमारे 70 हेक्टरांचं रान अनादी वाटतं. पण ते माणसांनी लावलेलं आहे. 1920 साली देवस्थान उभं राहिलं तेव्हा देशभरातून दान आलेली सुमारे 1 लाख झाडं तिथे रुजवली होती. आखणीच्या वेळचे पंतप्रधान ओकुमा यांना सुरूसारख्या सरळसोट सूचिपर्णी झाडांचं भव्य वन हवं होतं. वनशास्त्रज्ञांनी नम्रपणे नकार दिला: या शहराच्या हवेत ती तगणार नाहीत, इथल्या मातीची रुंद पानांची झाडं लावू, आणि दीडशे वर्षांत वन स्वतःचं स्वतः उभं राहील. एवढ्या लांबचा विचार! त्या रानाचा एक नियम आहे: वाटेवर पडलेली पानं झाडणारे ती फेकून देत नाहीत, पुन्हा झाडांखाली नेऊन टाकतात.

याच देवस्थानांच्या रानांतून अकिरा मियावाकी हे वनस्पतिशास्त्रज्ञ शिकले. त्या भूमीची खरी झाडं कोणती, हे त्यांना तिथल्या जुन्या वृक्षांनी सांगितलं, आणि त्यावरून दाट देशी जंगल लावायची त्यांची पद्धत जगभर गेली. आज मुंबईतसुद्धा मियावाकी वनं लावली जातात. एक गोष्ट मनाशी धरण्यासारखी आहे: ज्या पद्धतीचं आपण कौतुक करतो, तिचा गुरू देवाची राय होता. तसे गुरू आपल्याकडे गावागावांत उभे आहेत.

उभे आहेत, पण धोक्यात. जीर्णोद्धाराच्या उत्साहात आवाराला फरशी बसते, सभामंडप वाढतो, गाड्या लावायला जागा हवी म्हणून दोन जुनी झाडं जातात. देवासाठीच करतो ही भावना खरी असते, म्हणून तर जास्त वाईट वाटतं. देऊळ पाच वर्षांत नवं बांधता येतं. राय बांधता येत नाही.

आणि ती आपली आपल्याला दिसतही नाही, कुणीतरी दाखवावी लागते. क्योतोच्या जुन्या मंदिरांत पाहुण्यांना पहाटे फिरवून आणणारे वाटाडे आहेत, तसे आपल्याकडे गुरव आहेत, मानकरी आहेत, गुरं राखलेली म्हातारी माणसं आहेत. कुठल्या झाडाला चीक, कुठल्या सालीचा काढा, कुठल्या दगडाशी राखणदाराचा नारळ, हे त्यांच्या जिभेवर आहे आणि कागदावर नाही. तुमच्या गावी असं कुणी असेल तर या सुट्टीत एकदा त्यांना विचारा. पहाटे निघा, अनवाणी चाला, आवाज खाली ठेवा, काही तोडू नका.

आम्ही परत आलो तेव्हा सह्याद्रीच्या कड्यावरून ऊन उतरून कळसाला लागलं होतं. मी निघायच्या तयारीत होतो. काकांनी सुपात पानांचा तो ढीग भरला. मला वाटलं, आता पेटवणार. ते सूप घेऊन देवळामागे गेले आणि बेहड्याच्या बुंध्याशी त्यांनी ते हळूच उपडं केलं.

"देवाचा ता देवाक," ते म्हणाले आणि पुढचं सूप भरायला वळले.