पिवळे मूत्र, फ्लेव्हिन आणि मिथिओनिनचे चक्र

बी-कॉम्प्लेक्सची गोळी सुरू केली की मूत्र गडद पिवळे होते, अशी तक्रार घेऊन रुग्ण वैद्याकडे येतो किंवा औषध दुकानात विचारणा करतो. सेनगाव तालुक्यातील पुसेगावसारख्या गावी त्यावर ‘उष्णता वाढली’ असे उत्तर सहज दिले जाते. क्वचित कामलेची शंकाही घेतली जाते. वस्तुतः हा रंग रायबोफ्लेव्हिन, म्हणजे जीवनसत्त्व ब-२ या द्रव्याचा असतो. गरजेपेक्षा अधिक आलेले हे जीवनसत्त्व शरीर साठवून न ठेवता मूत्रावाटे टाकून देते. परंतु हा पिवळा पदार्थ शरीरात नेमके कोणते कार्य करतो, हे समजून घेतल्यास पांडुरोगाच्या चिकित्सेतील एका महत्त्वाच्या प्रश्नापर्यंत आपण पोहोचतो. त्या प्रश्नाचा परामर्श या लेखात घेण्याचे आम्ही योजिले आहे.

फ्लेव्हिन म्हणजे काय?

विरजलेल्या दह्यावर जी हिरवट-पिवळसर निवळी जमते, तिचा रंग रायबोफ्लेव्हिनचाच होय. १९३० च्या दशकात दुधाच्या निवळीतूनच हे द्रव्य शुद्ध रूपात वेगळे करण्यात आले. आपला जिल्हा हळदीसाठी प्रसिद्ध असला तरी हळदीचा पिवळेपणा कर्क्युमिनचा आहे. दोहोंत रंगापलीकडे साम्य नाही.

शरीरात रायबोफ्लेव्हिनपासून प्रथम एफ्‌एम्‌एन व त्यापासून एफ्‌एडी ही दोन सहविकरे तयार होतात. ती ज्या प्रथिनांशी जोडली जातात, त्यांना फ्लेव्होप्रथिने म्हणतात. १९३२ साली जर्मनीत वॉरबुर्ग व ख्रिस्तियान यांनी यीस्टमधून असे पहिले ‘पिवळे विकर’ मिळविले. पुढे ह्यूगो थिओरेल यांनी त्यातील प्रथिन व पिवळा घटक वेगळे केले आणि ते पुन्हा एकत्र येताच विकराचे कार्य परत सुरू होते, हे दाखवून दिले. त्यांना १९५५ सालचे नोबेल पारितोषिक मिळाले.

फ्लेव्हिनचे काम देवघेवीचे आहे. एका द्रव्याकडून इलेक्ट्रॉन घ्यावेत व दुसऱ्यास द्यावेत. घेतले की त्याचा पिवळा रंग जातो, दिले की परत येतो. अन्नापासून ऊर्जा निर्माण करणाऱ्या पेशीतील श्वसनसाखळीत हीच देवघेव चालते. धात्वग्नीची उपमा येथे सुचते व विद्यार्थ्यास समजाविण्यास ती सोयीचीही आहे. तथापि उपमा म्हणजे एकरूपता नव्हे, याचे भान आम्ही ठेवू इच्छितो.

मिथिओनिनचे चक्र

मिथिओनिन हे गंधकयुक्त अमिनो आम्ल. वनस्पती व अनेक जीवाणू ते ॲस्पार्टिक आम्लापासून पायरी-पायरीने स्वतः घडवितात. मनुष्यास ते नव्याने घडविता येत नाही, आहारातूनच घ्यावे लागते. कडधान्यांत मिथिओनिन कमी व लायसिन पुष्कळ, तर धान्यांत याच्या उलट. म्हणून ज्वारीची भाकरी व तुरीचे वरण एकमेकांची उणीव भरून काढतात. तिळात मिथिओनिन चांगले असल्याने सोबतची तिळाची चटणी केवळ रुचीपुरती नाही.

मात्र एकदा मिळालेले मिथिओनिन मानवी शरीर पुन्हा पुन्हा वापरते. त्यापासून बनलेले एस-ॲडिनोसिल मिथिओनिन आपला ‘मिथिल’ गट इतर द्रव्यांना देते. हे दान झाल्यावर शेवटी होमोसिस्टीन उरते. होमोसिस्टीनला पुन्हा मिथिल गट मिळाला की मिथिओनिन तयार होते आणि चक्र पूर्ण होते. हा गट पोहोचविण्यासाठी तीन जीवनसत्त्वे हातात हात घालून काम करतात.

पहिले फोलेट; ते मिथिल गटाचे वाहन होय. दुसरे रायबोफ्लेव्हिन, फोलेटवर मिथिल गट ज्या विकराद्वारे तयार होतो, ते एम्‌टीएच्‌एफ्‌आर नावाचे विकर एफ्‌एडीवर चालणारे फ्लेव्होप्रथिन आहे. तिसरे ब-१२, मिथिओनिन सिंथेज या विकरात बसून ते फोलेटकडून मिथिल गट घेते व होमोसिस्टीनला देते. या कामात ब-१२ मधील कोबाल्ट अधूनमधून ऑक्सिडीभूत होऊन निकामी होतो. त्यास पुन्हा कार्यक्षम करणारे विकरही फ्लेव्होप्रथिनच आहे. एम्‌टीएच्‌एफ्‌आरचा एक आनुवंशिक प्रकार १९९५ साली वर्णिला गेला. त्यातील विकर आपले एफ्‌एडी लवकर गमावते व मंदावते. अशा व्यक्तींत रायबोफ्लेव्हिनची कमतरता अधिक जाणवते.

सापळा कोठे आहे?

फोलेटवर मिथिल गट चढविणारी क्रिया शरीरात उलट फिरत नाही. ब-१२ नसेल तर मिथिलयुक्त फोलेट तसेच अडकून पडते. यालाच ‘फोलेटचा सापळा’ म्हणतात. रक्तात फोलेट असूनही नव्या पेशींच्या केंद्रकासाठी ते उपलब्ध होत नाही आणि मोठ्या रक्तकणांचा पांडुरोग उद्भवतो.

या विषयाचा इतिहास महाराष्ट्राशी जोडलेला आहे. ल्युसी विल्स या इंग्रज डॉक्टर १९२८ साली मुंबईत आल्या व गिरणगावातील गर्भवती स्त्रियांच्या पांडुरोगाचा त्यांनी अभ्यास केला. यीस्टच्या अर्काने हा पांडू बरा होतो, असे त्यांनी १९३१ साली प्रसिद्ध केले. त्या अर्कातील गुणकारी घटक म्हणजेच पुढे ओळखले गेलेले फोलिक आम्ल.

दुसरा अभ्यास पुण्याचा. के.ई.एम. रुग्णालयातील डॉ. चित्तरंजन याज्ञिक व सहकाऱ्यांनी ग्रामीण, झोपडपट्टीतील व शहरी मध्यमवर्गीय अशा ४४१ निरोगी पुरुषांची तपासणी केली. २००६ साली प्रसिद्ध झालेल्या या अहवालानुसार ६७ टक्के जणांत ब-१२ कमी व ५८ टक्के जणांत होमोसिस्टीन वाढलेले होते. २००८ साली याच गटाने दाखविले की, गरोदरपणात फोलेट भरपूर पण ब-१२ कमी असलेल्या मातांच्या मुलांत सहाव्या वर्षी इन्सुलिनला प्रतिरोध अधिक आढळतो.

लोह व फोलिक आम्लाच्या सरकारी गोळीत प्रौढ स्त्रीसाठी ६० मिलिग्रॅम लोह व ५०० मायक्रोग्रॅम फोलिक आम्ल असते, ब-१२ नसते. ही गोळी उपयुक्तच आहे व ती बंद करण्याचा सल्ला कोणीही देऊ नये. परंतु ब-१२ ची उणीव असताना केवळ फोलिक आम्लाची मोठी मात्रा दिल्यास रक्त सुधारल्यासारखे दिसते आणि नाडीसंस्थेची हानी मात्र आतून चालू राहते. हातापायांस मुंग्या, चालताना तोल जाणे, विसरभोळेपणा ही लक्षणे केवळ वातव्याधी समजून सोडून देता कामा नयेत.

व्यवहारात काय करावे?

मूत्र पिवळे असल्यास प्रथम औषधांची चौकशी करावी. रायबोफ्लेव्हिनमुळे मूत्र चकचकीत पिवळे होते, डोळे पांढरेच राहतात आणि गोळी थांबविताच एक-दोन दिवसांत रंग निवळतो. नेत्र पिवळे, मूत्र गडद व त्यावरील फेसही पिवळा असेल तर कामलेचा विचार करून रक्ततपासणी करावी. हारिद्रमेहाचे निदान केवळ रंगावरून करू नये.

शाकाहारी, वृद्ध, गर्भवती, तसेच दीर्घकाळ मेटफॉर्मिन किंवा आम्लनाशक औषधे घेणारे रुग्ण यांच्यात ब-१२ ची तपासणी सुचवावी. वनस्पती ब-१२ तयार करीत नाहीत. गाईम्हशींच्या पोटातील जीवाणू ते घडवितात व दुधातून ते आपणांस मिळते. म्हणून दूध, दही व ताक यांचे पथ्यातील स्थान जपावे. मात्र उणीव तीव्र असल्यास आहारावर विसंबून न राहता गोळी वा इंजेक्शनचा मार्ग धरावा आणि नाडीसंस्थेची लक्षणे दिसताच तज्ज्ञाकडे पाठवावे.

औषध दुकानदार बंधूंना एक विनंती. रायबोफ्लेव्हिन उष्णता बऱ्यापैकी सहन करते, पण प्रकाशात नष्ट होते. बी-कॉम्प्लेक्सची सिरपे तपकिरी बाटलीतच ठेवावीत, उन्हाच्या फळीवर मांडू नयेत आणि पारदर्शक बाटलीत ओतून देऊ नयेत. उघड्या उन्हात राहिलेल्या दुधाचीही हीच गत होते. पालेभाजीतील फोलेट मात्र फार शिजविल्याने व पाणी फेकून दिल्याने जाते. ग्राहकास हेही सांगावे.

पांडुरोगाचा प्रत्येक रुग्ण केवळ लोहाचा भुकेला नसतो. चक्राचा कोणता आरा तुटला आहे, हे पाहूनच औषध योजावे, एवढेच आमचे सांगणे आहे.