शासनाचे धोरण आणि न्यायालयाचा अधिकार

सरकारचा एखादा निर्णय जाचला की आपण सहज म्हणतो, "कोर्टात जाऊ." जाता येते, यात शंका नाही. राज्यघटनेच्या २२६ व्या कलमाने उच्च न्यायालयाला तसा अधिकारच दिलेला आहे. पण तिथे जाऊन काय मागावे आणि काय मागून उपयोग नाही, हे पुष्कळांना ठाऊक नसते. परभणीकरांच्या जिव्हाळ्याचे एक उदाहरण घेऊन ते पाहू.

पैठणच्या जायकवाडी धरणाचा डावा कालवा २०८ किलोमीटर लांबीचा. पाथरी, मानवत, परभणी या भागाची भिस्त त्याच्यावर. धरण भरले तर रब्बीच्या पाळ्या मिळतात. न भरले तर कालव्याच्या टोकाला असलेल्या शेतकऱ्याने आभाळाकडे पाहावे. बरे, धरण भरणे केवळ पैठणच्या पावसावर नाही. गोदावरीच्या वरच्या खोऱ्यात, नाशिक आणि अहमदनगर (आताचे अहिल्यानगर) जिल्ह्यांत गंगापूर, दारणा, मुळा, भंडारदरा अशी धरणे आहेत. तिथे अडले ते पाणी पैठणला पोचत नाही. तिकडचा शेतकरीही काही चैनीसाठी पाणी मागत नाही, हेही सांगितले पाहिजे.

२००५ साली राज्याने जलसंपत्ती नियमन प्राधिकरणाचा कायदा केला. टंचाईची झळ खोऱ्यातल्या सर्वांनी सारखी सोसावी, म्हणून ऑक्टोबरअखेर सगळ्या धरणांतील वापरण्याजोग्या पाण्याची टक्केवारी जवळपास सारखी राहावी, असे त्यात म्हटले आहे. पण कायदा झाला म्हणून पाणी आपोआप खाली येत नसते. १९ सप्टेंबर २०१४ रोजी प्राधिकरणाने आदेश काढला : १५ ऑक्टोबरला जायकवाडीचा उपयुक्त साठा ६५ टक्क्यांहून कमी असेल, तर वरच्या धरणांतून पाणी सोडावे. वरची मंडळी त्याविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयात गेली. मराठवाड्याच्या बाजूनेही याचिका होतीच. २३ सप्टेंबर २०१६ रोजी न्यायमूर्ती अभय ओक आणि न्यायमूर्ती सय्यद यांच्या खंडपीठाने समन्यायी वाटपाचे हे तत्त्व उचलून धरले.

आता आपण विचाराल, ६५ च का? ७० का नाही? अहो, इथेच तर खरी मेख आहे. न्यायाधीशांना कायदा कळतो. धरणाचे बाष्पीभवन मोजण्याची साधने त्यांच्याजवळ नसतात, आणि ते मतदारांपुढे उभेही राहत नाहीत. म्हणून धोरण शहाणपणाचे आहे की नाही, या वादात ते सहसा शिरत नाहीत. ते निराळेच प्रश्न विचारतात. निर्णय घेणाऱ्याला तसा अधिकार होता काय? कायद्याने सांगितलेली रीत पाळली काय? ज्यांना झळ बसणार त्यांचे म्हणणे ऐकले काय? भलताच हेतू तर नव्हता ना? आणि कोणीही समंजस माणूस करणार नाही, इतका तो निर्णय विपरीत तर नाही ना? १९४७ च्या वेडन्सबरी खटल्यात इंग्लंडच्या लॉर्ड ग्रीन यांनी अशा विपरीतपणाचा दाखला दिला, तो केस तांबडे म्हणून शिक्षिकेला कामावरून काढण्याचा. विद्यार्थी खटल्याचे नाव विसरतात, तांबडे केस विसरत नाहीत!

हेतूचे उदाहरण आपल्याच राज्यातले आहे. टंचाईत सिमेंट कोणाला किती द्यावे, हे ठरवणे सरकारचे काम. पण सिमेंटचे वाटप देणग्यांशी जोडले गेले होते, असा निष्कर्ष जानेवारी १९८२ मध्ये न्यायमूर्ती लेंटिन यांनी काढला, आणि मुख्यमंत्री अंतुले यांना राजीनामा द्यावा लागला. पोती कमी की जास्त, हा तिथे प्रश्नच नव्हता.

मग कालव्याच्या टोकाच्या शेतकऱ्याने काय करावे? "आम्हाला अधिक पाणी द्या" एवढेच म्हणत तो गेला, तर सरकारकडे अर्ज करा, असेच बहुधा ऐकावे लागेल. पण "कायद्याप्रमाणे आदेश आहे, साठा ठरल्यापेक्षा कमी आहे, अधिकारी मात्र पाणी सोडीत नाहीत" असे त्याने कागदोपत्री दाखवले, तर तेच न्यायालय कर्तव्य बजावण्याचा हुकूम देऊ शकते. त्याला परमादेश म्हणतात. मागणे दोन्हीकडे पाण्याचेच. पण पहिल्यात न्यायालयाला धरणाचा कारभार हाती घ्यायला सांगितले जाते, दुसऱ्यात कायद्याची अंमलबजावणी करायला. म्हणून जाणता वकील पहिल्या भेटीत पिकाची हकिगत थोडी ऐकतो आणि तीन कागद मागतो : आदेशाची प्रत, त्या दिवशीच्या साठ्याचा आकडा, आणि पाटबंधारे कार्यालयात दिलेल्या अर्जाची शिक्का मारलेली पोच.