घर, भाडं आणि कायदा (भाग ९) : निकालाविरुद्ध जायचं कुठं?

गेल्या काही भागांत आपण भाडे कायद्याच्या कलम १६ मधली ताब्याची कारणं पाहिली. आता दावा संपलाय, निकाल लागलाय आणि तो आपल्या विरुद्ध गेलाय, असं धरून चालू. भाडेकरू असो की घरमालक, अशा वेळी तोंडातून पहिलं वाक्य निघतं ते ‘हायकोर्टात जाऊ!’ हे वाक्य बहुतेक वेळा एक पायरी गाळून म्हटलेलं असतं.

निकालात किती अन्याय झालाय, यावर पुढची वाट ठरत नाही. निकाल कुणी दिला, कोणत्या कायद्याखाली दिला आणि तो अंतिम आहे की मधलाच एखादा हुकूम आहे, यावर ती ठरते. म्हणून वकिलाची वेळ घेण्याआधी सर्टिफाइड नकलेचं पहिलं पान सावकाश वाचावं. मुंबईत तर दाव्याच्या क्रमांकापुढच्या अक्षरांतच बरंच सांगितलेलं असतं. धोबीतलावच्या लघुवाद न्यायालयात आर.ए.ई. म्हणजे भाडे कायद्याखालचा ताब्याचा दावा. आर.ए.डी. म्हणजे ‘मी इथला भाडेकरू आहे, तसं जाहीर करा’ अशी मागणी. आर.ए.एन. हा प्रमाण भाडं ठरवून मागण्याचा अर्ज. टी.ई. असेल तर मालक म्हणतोय की या भाडेकरूला भाडे कायद्याचं संरक्षणच नाही, आणि एल.ई. असेल तर समोरचा भाडेकरू नसून लायसन्सी आहे.

आर.ए.ई. आणि आर.ए.डी.चा रस्ता सरळ आहे. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ च्या कलम ३४ खाली ३० दिवसांत अपील. नक्कल मिळायला गेलेले दिवस त्यातून वजा होतात. गिरगावातल्या चाळीतला भाडेकरू हे अपील लघुवाद न्यायालयाच्याच दोन न्यायाधीशांच्या खंडपीठापुढे करतो. पुण्याच्या सदाशिव पेठेतला किंवा साताऱ्यातला भाडेकरू जिल्हा न्यायालयात जातो. मुंबईकरांना याची नेहमी शंका येते: त्याच कोर्टातले न्यायाधीश त्याच कोर्टाचा निकाल कशाला फिरवतील? पण ज्यांनी निकाल दिला ते या खंडपीठात बसू शकत नाहीत, हे कायद्यातच लिहिलंय. आणि खंडपीठ निकाल फिरवतंही.

या अपिलाकडे लोक वाटेतला थांबा म्हणून बघतात. माझ्या मते सगळ्या लढाईत हाच टप्पा सर्वांत महत्त्वाचा, कारण पुराव्याची फेरतपासणी मोकळेपणानं होते ती इथंच शेवटची. मालकाला जागेची खरी गरज आहे का, त्याच्याकडे दुसरी जागा आहे का, ताबा गेला तर जास्त हाल कुणाचे, साक्षीदार उलटतपासणीत काय बोलून बसला, हे सारं अपिलात पुन्हा उघडता येतं. दावा चालू असताना मालकाला दुसरा फ्लॅट मिळाला असेल, तर तो कागद रेकॉर्डवर आणायचा अर्ज इथंच करायला हवा. पाच ओळींचं मोघम अपील करून ‘बाकीचं हायकोर्टात बघू’ म्हणणाऱ्यांना पुढे फार जड जातं.

कारण कलम ३४ नुसार दुसरं अपील नाही. अंतिम निकाल असेल तर उच्च न्यायालयात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ११५ खाली रिव्हिजन अर्ज होतो. त्याची मुदत ९० दिवस. पण रिव्हिजनमध्ये काय तपासायचं याची चौकट आखलेली आहे. २०१४ साली हिंदुस्तान पेट्रोलियम विरुद्ध दिलबहार सिंग या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांनी निरनिराळ्या राज्यांच्या भाडे कायद्यांतली रिव्हिजन तपासली. रिव्हिजन म्हणजे दुसरं अपील नव्हे, तिथं पुरावा नव्यानं तोलायचा नाही, असं त्यांनी सांगितलं. निष्कर्षाला पुरावाच नसेल, महत्त्वाचा पुरावा वाचलाच नसेल किंवा कायदा चुकीचा लावला असेल, तर गोष्ट वेगळी.

काही हुकमांवर अपील मुळातच नाही. स्वतंत्र अर्जावर ठरलेलं प्रमाण भाडं, किंवा मालकानं तोडलेलं पाणी-वीज पुन्हा जोडून देण्याचा हुकूम, ही त्यातली उदाहरणं. तिथं कलम ३४(४) खाली रिव्हिजन, आणि तीही आधी त्याच दोन न्यायाधीशांपुढे किंवा जिल्हा न्यायालयापुढे.

टी.ई.चा मामला निराळा. बँक, सरकारी कंपनी किंवा एक कोटी वा त्याहून जास्त भरणा झालेलं भागभांडवल असलेली कंपनी भाडेकरू असेल, तर भाडे कायदा लागूच होत नाही. मुंबईत असा दावा १८८२ च्या लघुवाद न्यायालय कायद्याच्या कलम ४१ खाली चालतो आणि कलम ४२ खाली अपील होतं. तेही दोन न्यायाधीशांपुढेच, पण कायदा वेगळा.

सर्वांत जास्त घोळ होतो तो राहत्या घराच्या लिव्ह अँड लायसन्समध्ये. ठाण्यात फ्लॅट ११ महिन्यांसाठी दिला, मुदत संपली तरी लायसन्सी हलेना, की मालक भाडे कायद्याच्या कलम २४ खाली सक्षम प्राधिकाऱ्याकडे जातो. इथं लेखी करार हाच निर्णायक पुरावा. मुदतीनंतर राहिल्याबद्दल दुप्पट शुल्काच्या हिशेबानं भरपाईही लागते. ताब्याच्या या आदेशावर कुठल्याही कोर्टात अपील नाही. कलम ४४ खाली ९० दिवसांत रिव्हिजन करायची, तीही राज्य सरकारनं अधिकार दिलेल्या, अपर आयुक्तापेक्षा कमी दर्जा नसलेल्या अधिकाऱ्यापुढे. ‘९० दिवस आहेत की’ म्हणून स्वस्थ बसणाऱ्याच्या दारात ताबा घ्यायला माणसं त्याआधीच येऊ शकतात.

दावा चालू असतानाच्या हुकमांवर, म्हणजे कैफियत दुरुस्त करू दिली नाही, साक्षीदार बोलावू दिला नाही, असल्या गोष्टींवर, २००२ पासून कलम ११५ चा उपयोग जवळपास उरलेला नाही. मग लोक राज्यघटनेचा अनुच्छेद २२७ गाठतात. त्याला ठरावीक मुदत नाही, म्हणून तो सोयीचा वाटतो. पण शालिनी शेट्टी विरुद्ध राजेंद्र पाटील या २०१० च्या मुंबईतून गेलेल्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं घरमालक-भाडेकरूंच्या खासगी भांडणांत हे हत्यार ऊठसूट उपसण्यावर नाराजी दाखवली. हा अर्ज म्हणजे ‘रिट’ नव्हे, हेही तिथं बजावलं. दिवाणी कोर्टाच्या हुकमाविरुद्ध अनुच्छेद २२६ चालत नाही, हे २०१५ मध्ये राधेश्याम विरुद्ध छबीनाथ या खटल्यात पक्कं झालं.

चुकीच्या ठिकाणी अर्ज केला तर? प्रामाणिकपणे वाट चुकलेल्याला मुदत कायदा बराच आधार देतो. तिथं गेलेला वेळ वजा करून किंवा विलंब माफ करून मिळू शकतो. स्टे मात्र असा मागच्या तारखेनं मिळत नाही. तुम्ही भलत्या कोर्टात तारखा घेत असता आणि समोरच्याची दरखास्त पुढे सरकून बेलिफ दारात उभा राहतो. योग्य ठिकाणी अपील केलं तरी स्टे आपोआप मिळत नाही. तो वेगळा मागावा लागतो आणि फुकट मिळेल असं नाही. आत्माराम प्रॉपर्टीज विरुद्ध फेडरल मोटर्स या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं की ताब्याचा हुकूमनामा झाल्यावर स्टे हवा असेल, तर जुनं भाडं नव्हे, बाजारभावाच्या हिशेबानं रक्कम भरायची अट कोर्ट घालू शकतं. २००९ मध्ये सुपर मॅक्स प्रकरणात तोच न्याय महाराष्ट्र सरकारला लागला, कारण मुंबईतल्या त्या जागेत भाडेकरू खुद्द सरकार होतं. तेव्हा पागडीच्या खोलीत महिना काहीशे रुपये भरणाऱ्यानं अपिलाचा खर्च काढताना वकिलाच्या फीबरोबर हा आकडाही धरावा.